वर घाट, खाली दर्या

मला कुणी वाट विचारली, तर आजही माझ्या तोंडून आधी 'वर' आणि 'खाली' हेच शब्द येतात. पनवेल वर, मुंबई खाली. नात हसते. तिच्या फोनमधला नकाशा उत्तरेकडे डोकं करून बसलेला असतो आणि त्यात पनवेल मुंबईच्या उजव्या हाताला येतं. मी तिला सांगते, की भरतीचं पाणी ज्या बाजूला चढतं ती वरची बाजू, ओहोटीला उतरतं ती खालची. तिला ते पटतं की नाही कोण जाणे. आम्हाला ते पटवावं लागलं नव्हतं. आमच्या वेळी सगळा मुलूख असाच बोलायचा आणि त्या बोलण्यानेच एकदा माझं कॉलेज जवळजवळ बुडवलं होतं.

तेव्हा आम्ही बेलापूरजवळ शिरवण्यात राहायचो. गावाच्या कडेला काशीआयच्या घराची मागची एक खोली आम्ही भाड्याने घेतली होती. आई-बाबा माणगावच्या बाजूचे. मी चार वर्षांची असताना ते इथे आले. पुढच्या अंगणात काशीआयची जवळ्याची सुकट वाळत पडायची आणि मागच्या पडवीत बाबांचे रंगाचे डबे असायचे, त्यामुळे आमच्या घराला जवळा आणि टर्पेंटाइन असा मिळून एकच वास होता. शाळेत शेजारी बसणाऱ्या मुलींना तो यायचा. मला मात्र पनवेलच्या शाळेतून एसटीने परतताना, घर दहा पावलांवर आलं की तो वास लागायचा आणि भूक लागायची. आई तांदळाच्या भाकऱ्या चुलीवर थापायची. बरोबर कधी वालाचं बिरडं, कधी खाडीतल्या बारीक कोळंबीचं, करंदीचं आंबट. दुपारी एकच्या सुमाराला पारसिकच्या डोंगरावर खाणीत सुरुंग लागायचे. आधी शिट्टी व्हायची, मग जमीन हलायची आणि मांडणीवरची झाकणं एकमेकांवर वाजायची. आई हात न थांबवता म्हणायची, "वाजला एक." आमच्याकडे घड्याळ आलं ते फार नंतर.

काशीआयबद्दल थोडं सांगायला हवं. ती गावातली जुनी, आगरी घरातली विधवा. नवरा आणि सासरा दोघांनी बेलापूरच्या खाडीवर मिठागरात जन्म काढला होता. उन्हाळ्यात गुडघ्याएवढ्या पांढऱ्या राशी करायच्या आणि शिडाच्या मचव्यातून मुंबईला धाडायच्या, असं ते काम. नवं शहर येणार म्हणून मिठागर गेलं, पाठोपाठ शेतही गेलं, आणि तेव्हापासून दर शनिवारी काशीआय पदर खोचून बेलापूरच्या कार्यालयात कुठल्याशा कागदासाठी जायची. आम्ही बौद्ध. पहिल्या वर्षी ती आईच्या हातात भाकरी वरूनच सोडायची. पुढे कधीतरी तो वरचा हात खाली आला. कधी आला, ते आईलाही सांगता यायचं नाही. मला आठवतं तेव्हापासून ती आमच्या उंबऱ्यावर बसून आईच्या ताटातला बोंबील उचलायची आणि त्यात मीठ कमी आहे म्हणून नाव ठेवायची.

बाबा पेंटर होते. शिकले होते तिसरीपर्यंत, पण अक्षर असं, की वाचणाऱ्याने अर्थ विसरून नुसतं बघत राहावं. बेलापूरच्या बंदरावर मचव्यांची आणि होड्यांची नावं, नंबर, नाळेवर, होडीच्या पुढच्या टोकावर, काढलेले डोळे, सगळं त्यांच्या हातचं. होड्यांचं काम हंगामी. बाकीचे महिने मिळेल ते करायचं. त्या वर्षी मी दहावीला होते आणि पुढचं काय, याची चर्चा घरात माझ्यासमोर होत नसे, म्हणजे ती चालू होती हे मला कळत होतं. गावामागच्या कारखान्यांच्या पट्ट्यात औषधं भरायच्या कामाला मुली घेत होते. आईने तिथल्या एका बाईंना सांगूनही ठेवलं होतं. आईला मी शिकू नये असं वाटत नव्हतं. तिला फक्त जूनमध्ये काय शिजवायचं ते दिसत होतं.

अशात एक दिवस बंदरावर बाबा एका मचव्याचं नाव काढत असताना काशीआय ज्या कार्यालयात जायची तिथले एक साहेब मागे उभे राहिले आणि बराच वेळ बघत राहिले. कार्यालयाच्या बेलापुरातल्या नव्या इमारतीत, आत शिरल्या शिरल्या जी मोठी भिंत होती, तिच्यावर त्यांना आपल्या प्रदेशाचा चित्रनकाशा हवा होता. राजधानी मुंबई, तिच्यातल्या बघण्याजोग्या जागा, आणि भोवतालचे डोंगर, किल्ले, देवळं, खाड्या. येणाऱ्या नव्या माणसाला कळावं की आपण कुठे आलो आहोत. भिंत चांगली उतरली तर नव्या वसाहतींच्या सगळ्या पाट्यांचं काम बाबांना देऊ, ते वर्षभर पुरेल, असं साहेब म्हणाले. बाबांनी घरी येऊन हे सांगितलं आणि पुढे, माझ्याकडे न बघता, "मग शालूचं बघू," एवढंच म्हणाले. त्या रात्री मी न सांगता भांडी घासली.

साहेबांनी बाबांना दोन कागद दिले. एक टाइप केलेली मराठी यादी: गेटवे, राजाबाई टॉवर, घारापुरीची लेणी, बेलापूरचा किल्ला, पारसिक, पांडवकडा, खांदेश्वराचं देऊळ आणि तळं, कर्नाळ्याचा सुळका, माथेरान, रायगड. दुसरा, घडी घातलेला मोठा छापील नकाशा, गुळगुळीत कागदावर, सगळा इंग्रजीत. यादी बाबांनी खिशात ठेवली आणि अक्षर न् अक्षर लावून पाठ केली. नकाशा त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून ट्रंकेत, आईच्या लुगड्यांखाली ठेवला. साहेबाचा कागद, काम झालं की जसाच्या तसा परत करायचा. त्याला रंगाचा हात लागला तर काय तोंड दाखवणार, हा त्यांचा विचार. ज्यांच्या घरात कागद म्हणजे दाखला नाहीतर नोटीस, त्यांनाच तो कळेल.

माझी परीक्षा सुरू होती. पनवेलला शाळेतल्या मैत्रिणीकडे राहून मी पेपर देत होते, त्यामुळे आठवडाभर घरी नव्हते. शनिवारी शेवटचा पेपर भूगोलाचा होता. तो इतका सोपा गेला, की मी घरी न जाता तशीच एसटीतून बेलापूरला उतरले. बाबांची भिंत बघायची होती.

भिंत बघून मी आधी खूश झाले. खाली, जमिनीपासून माझ्या कमरेपर्यंत, निळा समुद्र होता आणि त्यात मुंबई एखाद्या लांब होडीसारखी आडवी पडली होती. तिच्यावर गेटवेची कमान, टॉवर. तिच्या वरच्या अंगाला घारापुरी, मग खाडी, खाडीच्या काठी आमचा बेलापूरचा किल्ला, त्यावर पांडवकड्याचा धबधबा, पनवेल, खांदेश्वराचं तळं, आणि सगळ्यांत वर, छताला टेकलेले, निळे-जांभळे घाट. होड्या तर इतक्या खऱ्या, की कुठली कुणाची ते ओळखू यावं. डाव्या हाताला ठाणं, उजव्या हाताला कर्नाळ्याचा अंगठ्यासारखा सुळका आणि पार टोकाला रायगड. मग माझ्या लक्षात आलं. ठाणं डावीकडे? तासाभरापूर्वी मी उत्तरपत्रिकेत कोकणाचा नकाशा काढून आले होते. सगळा मुलूख कुशीवर झोपला होता.

बाबा शिडीवर होते. मी त्यांना म्हटलं, की हे आडवं झालंय, नकाशात उत्तर वर असते, समुद्र डावीकडे यायला पाहिजे. ते खाली उतरले. ब्रश डब्यावर ठेवला. त्यांनी काय केलं होतं ते मग सांगितलं. यादी घेऊन ते बंदरावर गेले होते आणि मचवेवाल्यांना एकेक नाव विचारलं होतं. कुठून कुठे किती भरत्या लागतात, कुठला डोंगर कुठल्या हाताला धरायचा, काय वर, काय खाली. तसंच्या तसं भिंतीवर उतरवलं होतं.

"पाणी वरनं खाली येतं ना, शालू," ते म्हणाले. "घाट वर. दर्या खाली. यात चुकलं काय?"

मी म्हटलं, की पुस्तकात असं नसतं.

याच्यावर ते भांडले असते तर बरं झालं असतं. ते भांडले नाहीत. पंधरा दिवसांच्या कामाकडे त्यांनी एकदा बघितलं, मग माझ्याकडे, आणि मान हलवली. मुलगी शिकली होती, ती म्हणते म्हणजे तसं असणार. साहेब सोमवारी येणार होते. त्यांनी पांढऱ्या रंगाचा डबा उघडला आणि डाव्या कोपऱ्यातून ठाण्यावर पांढरा हात मारायला सुरुवात केली. मी दप्तर पोटाशी धरून उभी होते. दोन दिवसांत एवढी भिंत परत उभी राहणार नाही हे मला कळत होतं, आणि राहिली नाही तर जूनमध्ये मी कुठे असेन हेही. तरी मी थांबवलं नाही. आज लिहिताना सर्वांत जास्त लाज मला त्या मिनिटांची वाटते. मी चुकीचं बोलले म्हणून नाही. बरोबर असण्याचा थोडा आनंद मला झाला होता म्हणून.

ठाण्याची खाडी अर्धी पुसली गेली तेव्हा काशीआय आली. शनिवार होता. तिचं खिडकीवरचं काम नेहमीसारखं 'पुढच्या हप्त्यात या' म्हणून झालं होतं आणि आईने बाबांसाठी दिलेला डबा तिच्या हातात होता. डबा देऊन जायचं सोडून ती भिंतीसमोर उभी राहिली. मग पुढे झाली. जन्मात तिने पाटीवर अक्षर गिरवलं नव्हतं. एसटीची पाटी ती मला विचारायची.

"यो आपला किल्ला," ती म्हणाली. "आन् यो कडा. म्हंजे हितनं वर..." तिचं बोट खाडीवरून चढत गेलं, पनवेलवरून वळलं आणि खांदेश्वराच्या तळ्यापाशी थांबलं. "ह्यं माजं मायेर. पेंटर, तुला कुनी सांगितलं रं माजं मायेर?"

बाबा म्हणाले, "यादीत देऊळ होतं, काशीआय."

ती परत खाली आली. लग्नात ज्या वाटेने होडीतून सासरी आली ती वाट तिने बोटाने उतरून दाखवली. कुठे ओहोटी लागली आणि वऱ्हाड चिखलात अडकलं, तेही सांगितलं. नवरा खाली उतरून होडी ढकलायला लागला आणि हिला हसू आवरेना. मी ऐकत होते. इतकी वर्षं एका अंगणात राहून हे मी कधी ऐकलं नव्हतं. मग किल्ल्याच्या खालच्या अंगाला, खाडीकाठी, तिचं बोट घुटमळलं. तिथे नुसती निळी-करडी जागा होती.

"आन् मिठागर?"

"यादीत नाही," बाबा म्हणाले.

बाबांनी नुकत्याच फासलेल्या ओल्या पांढऱ्या रंगात तिने अंगठा बुडवला, आणि किल्ल्याखाली, खाडीच्या काठावर तो दाबला. नीट दाबला, जसा इतकी वर्षं कागदांवर दाबत आली होती तसा. मग मागे सरून बघितलं.

"आता हाय," ती म्हणाली. आणि बाबांना, "जेव रं. भाकरी थंड जायली."

बाबा जेवायला बसले. मी त्यांच्या शेजारी जमिनीवर बसले आणि मला आमच्या भूगोलाच्या बाई आठवल्या. आठवीत त्यांनी एकदा भिंतीवरचा नकाशा उतरवून वर्गाच्या फरशीवर पसरला होता आणि आम्हाला तो धरून फिरवायला लावला होता. त्या म्हणाल्या होत्या, "नकाशा खिळ्याला टांगला म्हणून उत्तर आभाळात जात नाही. बाण काढा, म्हणजे नकाशा कसाही धरा." पेपरात बाणाला अर्धा गुण असायचा. म्हणून आम्ही बाण काढायचो आणि बाकीचं विसरायचो. बाई, तुम्ही आज असता तर हे प्रकरण मी तुम्हाला आधी वाचून दाखवलं असतं.

मी बाबांना म्हटलं, पुसू नका. कोपऱ्यात बाण काढू, त्याचं टोक डावीकडे, आणि वर 'उत्तर' लिहू. बाबांनी घास हातातच ठेवला.

"चालंल?"

"चालेल," मी म्हटलं. चालेल की नाही मला माहीत नव्हतं.

रविवारी आम्ही दोघांनी ठाण्याची खाडी परत भरली. मी रंग ढवळून देत होते, ते लावत होते. अंगठ्याचा ठसा पुसायचा का, हे मी विचारलं नाही आणि त्यांनीही नाही. संध्याकाळी बाण काढून झाला. बाबांनी त्याला मचव्याच्या शिडासारखा आकार दिला होता.

सोमवारी आईने घरी मेणबत्ती लावून वंदना म्हटली आणि मला बाबांबरोबर जायला सांगितलं. चूक काढलीस तर उत्तर द्यायलाही तूच जा, असं तिचं म्हणणं. साहेब आले, भिंतीसमोर उभे राहिले, आणि त्यांची मान हळूहळू डाव्या खांद्याकडे कलली. तशी ती बराच वेळ राहिली. हे आडवं का, असं त्यांनी विचारलं. साहेब लोकांसमोर बाबांची जीभ टाळ्याला चिकटायची. ते माझ्याकडे बघत राहिले. मी बाणाकडे बोट दाखवून सांगितलं, की उत्तर डावीकडे आहे, नकाशा चुकलेला नाही, फक्त घाटाकडे तोंड करून उभा आहे. साहेबांनी माझं नाव विचारलं, शाळा विचारली. मग बाबांना म्हणाले, की मी दिलेला नकाशा कुठे आहे?

बाबांनी पिशवीतून तो काढून दिला. साहेबांनी घडी उलगडली. तिच्यावर डाग नव्हता, सुरकुतीसुद्धा नव्हती. कागद एकदाही उघडलेला नाही हे त्यांना त्याच क्षणी कळलं असावं. ते हसले नाहीत. त्यांनी नकाशा आडवा धरला, भिंतीजवळ नेला आणि एकेक जागा ताडून बघायला लागले. घारापुरी. किल्ला. कर्नाळा. रायगड. त्यांचा शिपाई बेलापूर गावचा होता, तो मागून हळूच म्हणाला, "साहेब, बरोबर हाय. माझ्या बापाला दाखवलं तर तो पन वाट सांगंल." मधल्या काळात, कागदासाठी आलेली चार-पाच माणसं रांग सोडून भिंतीपाशी आली होती आणि आपापलं गाव शोधत होती. साहेब त्यांच्याकडे थोडा वेळ बघत राहिले.

"राहू दे असंच," ते म्हणाले. मग वाकले. "हा डाग मात्र पुसा."

मी काही बोलणार, तोच बाबा बोलले. मी त्यांना कुठल्याही साहेबासमोर आधी बोललेलं ऐकलं नव्हतं.

"डाग नाही साहेब. मिठागर आहे."

"यादीत नव्हतं."

"नव्हतं."

साहेबांनी नकाशाची घडी घातली. ज्या रेघांवर होती, त्याच रेघांवर. मग म्हणाले, "मग नाव घाला खाली. बाकी सगळ्यांना नावं आहेत."

पाट्यांचं काम मिळालं. पुढे नेरूळच्या, वाशीच्या किती कोपऱ्यांवर बाबांची अक्षरं उभी राहिली, आणि त्यांच्या जिवावर मी कॉलेजला गेले, पदवी घेतली, माणगावकडच्या आणि इथल्या आमच्या सगळ्या घरातली पहिली. पारसिकचा डोंगर खाणींनी बराच खाल्ला. बाबांच्या भिंतीवर तो पुरा होता. ती भिंतही आता नाही, त्या जागी गुळगुळीत लाद्या बसल्या आहेत. त्याचं फार दुःख मी करत नाही. तिचं काम झालं होतं.

त्या सोमवारी आम्ही घरी येऊन काशीआयला सांगितलं. तिने सुकट उलटता उलटता ऐकून घेतलं, आणि मिठागराचं नाव काय घालायचं असं बाबांनी विचारल्यावर म्हणाली, "भिकूचं मिठागर. दुसरं काय? सासरा भिकू, त्याचं मिठागर." पुढच्या शनिवारी ती आमच्याबरोबर आली. मी खडूने अक्षरं लिहून दिली, बाबांनी अंगठ्याच्या ठशाखाली बारीक ब्रशने ती काढली. काम होईपर्यंत ती तिच्या खिडकीकडे गेलीच नाही.

"वाच," ती मला म्हणाली.

मी वाचलं. तिने परत वाचायला लावलं. मी अक्षरांखालून बोट फिरवत परत वाचलं. तिसऱ्या वेळी बोट तिचं होतं.